निरपराध्याचा गुन्हा

प्राण्यांवर शेरे मारण्याची माणसाला मोठी हौस. कोल्हा लबाड, गाढव मूर्ख, कुत्रा इमानी! शेरा एकदा मारला की विचार करण्याचे कष्ट वाचतात. बेडकाच्या वाट्याला 'कूपमंडूक' हा शब्द आला. विहिरीपलीकडे जग आहे हे त्याला ठाऊक नसते, असा आमचा त्याच्यावर आरोप. परंतु ज्या बेडकाला आम्हीच समुद्रापार नेऊन सोडले, त्याला आता काय म्हणावे?

आमच्या धाराशिव जिल्ह्यात पाऊस हा भरवशाचा पाहुणा नव्हे. म्हणूनच मृगाची चांगली सर येऊन डबक्यांतून बेडकांचा गजर सुरू झाला, की तो कानांना गोड लागतो. उन्हाळाभर जमिनीत दडून राहिलेले मोठे बेडूक बाहेर येतात. विणीच्या दिवसांत त्यांचे नर हळदीसारखे पिवळेजर्द होतात आणि गळ्याजवळच्या निळ्या पिशव्या फुगवून ओरडतात. पिकावरचे किडे खातात म्हणून ते शेतकऱ्याचे मित्र. मात्र पाऊस लांबला, की ह्याच मित्राला काठीला बांधून पोरे धोंडी घेऊन दारोदार फिरत आली आहेत. पाऊस अडवला कोणी, आणि बांधले कोणाला!

हाच बेडूक गेल्या दोन दशकांत अंदमानच्या बेटांवर पसरला. एवढा समुद्र काही तो पोहून गेला नाही. मुख्यभूमीवरून मत्स्यबीज गेले, त्याच्याबरोबर त्याची पिल्ले गेली. काही ठिकाणी माणसांनी तो मुद्दामही सोडला. त्या बेटांना स्वतःचे इवलेसे बेडूक आहेत, आणि त्यांतल्या काही जाती जगात दुसरीकडे कोठेही नाहीत. आमच्या बेडकाची मादी हजारो अंडी घालते, आणि पाण्यातली तिची शेपटीवाली पिल्ले दुसऱ्या बेडकांची पिल्ले खातात. शास्त्रज्ञांनी दोन्ही एकत्र ठेवून पाहिली, तेव्हा बेटावरच्या बेडकांची पिल्ले उरली नाहीत.

वर्गात हे सांगितले की एखादे पोर हटकून विचारते, "गुरुजी, मग हा बेडूक चांगला की वाईट?" प्रश्न दिसतो तितका सोपा नाही. बेडकाने आपला स्वभाव तिळमात्र बदललेला नाही. जी भूक तेरणेकाठी उपकार ठरते, तीच तेथे संहार ठरते. बदलली ती जागा, आणि ती बदलली माणसाने. ज्याला निवड करता येते त्यालाच पाप-पुण्य लागते. बेडकाला कोणी विचारले होते?

मग त्याला तेथे मारू नये काय? भूतदयेचा सोपा सल्ला तोच. पण हात आखडता घेतला, तर त्या इवल्या बेडकांचा वंश बुडण्याची भीती. आणि त्यांनी तरी कोणाचे काय बिघडवले आहे? तेव्हा कधी कधी मारावेही लागेल. माझे म्हणणे एवढेच, की त्याला शिक्षा म्हणू नये. शिक्षा म्हटली की गुन्हेगार सापडल्याचे समाधान मिळते आणि आपण मोकळे होतो. खरे पाहता ते माणसाच्या करणीचे प्रायश्चित्त आहे, आणि ते दुसऱ्याच्या जिवावर चालले आहे. हे ध्यानात ठेवणारा माणूस पुढचे मत्स्यबीज पाठवताना दोनदा पाहील.

मोकळे होण्याची ही सवय जुनीच. परदेशातल्या ताटांसाठी भारतातून बेडकांच्या तंगड्या टनांनी जात. शेतातले बेडूक घटू लागले, ओरड झाली, आणि १९८७ साली ही निर्यात बंद झाली. निर्णय योग्यच होता. पण खाणाऱ्यांची भूक बंद झाली नाही. ती इंडोनेशियाच्या बेटांकडे वळली आणि तो देश मोठा पुरवठादार बनला. आपले अंगण झाडून निघाले, म्हणून कचरा नाहीसा होत नाही.

बेडकाला विहिरीपलीकडचे दिसत नाही, कारण त्याला ते पाहण्याची सोय नाही. आपल्याला नकाशे आहेत, शाळा आहेत, वर्तमानपत्रे आहेत. एवढे असूनही आपल्या कृत्याचे टोक कोठे जाऊन टोचते हे जो पाहत नाही, त्याच्यासाठी 'कूपमंडूक' हा शब्द राखून ठेवावा. बेडकावर तो उगाच खर्च झाला.