शिक्षकांची सेवाज्येष्ठता : एका कल्पनेची वाटचाल

सेवाज्येष्ठता म्हणजे एकाच संवर्गातील, अर्थात समान दर्जाच्या पदांच्या गटातील, कर्मचाऱ्यांचा ठरलेला अनुक्रम. शाळेत पर्यवेक्षक, उपमुख्याध्यापक आणि मुख्याध्यापक ही पदे मोजकीच असतात आणि ती प्रामुख्याने पदोन्नतीने भरली जातात. त्यामुळे यादीतील एका क्रमांकाचा फरक शिक्षकाच्या उरलेल्या सेवेची दिशा ठरवतो. या यादीवरून महाराष्ट्रात झालेल्या न्यायालयीन वादांकडे केवळ व्यक्तिगत चढाओढ म्हणून पाहणे अपुरे आहे, कारण ज्येष्ठ कोणाला म्हणावे या प्रश्नाचे उत्तरही त्यांतून टप्प्याटप्प्याने घडत गेले आहे.

या कल्पनेचे मूळ संरक्षणाच्या गरजेत आहे. खासगी अनुदानित शाळेत वेतनाचा भार शासन उचलते, परंतु नेमणूक संस्थाचालक करतात, आणि मुख्याध्यापकपद आपल्या मर्जीतल्या माणसाकडे जावे हा मोह तेथे सहज निर्माण होतो. माध्यमिक शाळा संहितेतील तरतुदी प्रशासकीय सूचनांच्या स्वरूपाच्या असल्यामुळे डावलल्या गेलेल्या शिक्षकाला त्यांचा कायदेशीर आधार तोकडाच पडत असे. महाराष्ट्र खासगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, 1977 आणि त्याखालील 1981 ची नियमावली यांनी ही उणीव भरून काढली. माध्यमिक शाळेचे मुख्याध्यापकपद भरताना आवश्यक अर्हता असलेल्या, किमान 5 वर्षांचा अध्यापनानुभव घेतलेल्या आणि समाधानकारक सेवा बजावलेल्या शिक्षकांपैकी सर्वांत ज्येष्ठ शिक्षकाची नेमणूक करण्याचे बंधन नियमांनी व्यवस्थापनावर घातले. अल्पसंख्याक संस्थांना मात्र आपला प्रमुख निवडण्याचे स्वातंत्र्य कायद्यानेच राखून ठेवले आहे.

तथापि, ज्येष्ठता केवळ रुजू झाल्याच्या तारखेवरून मोजावी, असे या नियमावलीने मानले नाही. तिच्या ‘फ’ अनुसूचीत माध्यमिक शिक्षकांचे शैक्षणिक व व्यावसायिक अर्हतेनुसार प्रवर्ग पाडले असून ते उतरत्या क्रमाने ज्येष्ठतेच्या पायऱ्या दर्शवतात. एकाच प्रवर्गात सलग सेवेचा आरंभ आधी झालेला शिक्षक ज्येष्ठ ठरतो, आणि ती तारीखही सारखी असेल तर वयाने मोठा असलेला ज्येष्ठ मानला जातो. परिणामी आधी नोकरीला लागलेला, पण बी.एड. नंतर केलेला शिक्षक, मागाहून आलेल्या परंतु आरंभापासून प्रशिक्षित पदवीधर असलेल्या सहकाऱ्याच्या खाली जाऊ शकतो. सेवेची वर्षे मोठी की अर्हता, हा पेच येथे मुळातच होता, आणि डी.एड. व बी.एड. धारकांमधील असंख्य वाद त्यातूनच उद्भवले.

या वादांसाठी कायद्याने दोन वाटा ठेवल्या. यादीतील परस्पर क्रमाविषयीचा वाद शिक्षणाधिकाऱ्यांकडे जातो; तर प्रत्यक्ष पदोन्नतीत ज्येष्ठाला डावलून कनिष्ठाला नेमले गेल्यास, म्हणजेच अधिक्रमण झाल्यास, कलम 9 नुसार 30 दिवसांच्या आत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. यादीवर वेळीच हरकत न घेतलेला शिक्षक पुढे पदोन्नतीच्या वेळी जागा होतो, तेव्हा अनेक वर्षे मान्य राहिलेला क्रम मोडणे न्यायालयालाही अवघड जाते.

दरम्यान सर्वोच्च न्यायालयात या कल्पनेला व्यापक आधार मिळाला. महाराष्ट्रातील अभियंत्यांच्या सेवेतून उद्भवलेल्या पटवर्धन प्रकरणात 1977 साली न्यायमूर्ती यशवंत विष्णू चंद्रचूड यांनी, सेवेत कायम होण्याच्या बेभरवशी तारखेवर ज्येष्ठता अवलंबून ठेवणे समानतेच्या तत्त्वाशी विसंगत ठरवले. तर 1990 साली घटनापीठाने, नियमानुसार झालेल्या नेमणुकीपासून ज्येष्ठता मोजावी, पण नियमबाह्य तात्पुरत्या सेवेचा लाभ मिळू नये, असा समतोल साधला. पदोन्नती हा हक्क नसला तरी पदोन्नतीसाठी विचार होणे हा मूलभूत हक्क आहे, हे तत्त्वही पुढे दृढ झाले. आरक्षणातून पदोन्नती मिळालेल्यांच्या ज्येष्ठतेचा प्रश्न 2001 च्या 85 व्या घटनादुरुस्तीपर्यंत गेला, आणि ज्येष्ठता हा सामाजिक न्यायाचाही विषय झाला.

सर्वांत अलीकडचे वळण 1 सप्टेंबर 2025 रोजी आले. शिक्षक पात्रता परीक्षेसंबंधीच्या, महाराष्ट्रातूनही गेलेल्या अपिलांत सर्वोच्च न्यायालयाने, शिक्षण हक्क कायदा लागू असलेल्या शाळांत ही परीक्षा उत्तीर्ण झाल्याविना पदोन्नती मिळणार नाही, असा निर्णय दिला; निवृत्तीस 5 वर्षांहून कमी काळ उरलेल्यांना परीक्षेविना सेवेत राहण्याची मुभा दिली, परंतु पदोन्नतीची नाही. म्हणजे पंचवीस वर्षांची निष्कलंक सेवाही आता एकटी पुरेशी नाही.

या निर्णयामुळे ज्येष्ठतेचे मोल संपले, असे मानणे चुकीचे आहे. ज्येष्ठता गुणवत्तेची खात्री देत नाही; ती मर्जी आणि वशिल्यापासून शिक्षकाचे रक्षण करते. पात्रता विद्यार्थ्याच्या हितासाठी असते आणि ज्येष्ठता शिक्षकाच्या, म्हणून पात्र ठरलेल्यांमधून ज्येष्ठाची निवड हीच 1981 च्या नियमांतली रचना आजही न्याय्य आहे. अन्याय होतो तो यादी वेळेवर प्रसिद्ध न झाल्याने, हरकती कपाटात पडून राहिल्याने आणि सेवेच्या उत्तरार्धात नव्या अटी येऊन त्यांच्या पूर्ततेला पुरेशी संधी न मिळाल्याने. दरवर्षी यादी जाहीर करणे, हरकतींचा ठरावीक मुदतीत लेखी निकाल देणे आणि नवी अट लागू करण्यापूर्वी तिच्या पूर्ततेची सोय करणे, ही शासन आणि संस्थाचालक या दोघांची जबाबदारी आहे, आणि ती त्यांनी विनाविलंब पार पाडली पाहिजे.