अभिरुचीची दुहेरी मापे

उत्तम काय हे ज्याला कळते, त्याने इतरांसाठी जाणूनबुजून हिणकस निर्माण करणे ही अनीती ठरते काय? लोकप्रिय संस्कृतीच्या चर्चेत हा प्रश्न बहुधा बाजूला पडतो. अभिरुचिहीन निर्मात्याच्या बाबतीत तो उद्भवतच नाही; जाणकाराच्या बाबतीत मात्र तो टाळता येत नाही. वादक, ध्वनिमुद्रिका कंपनीचा अधिकारी आणि दूरचित्रवाणीवरील सूत्रसंचालक अशा तीन भूमिका बजावणारा अमेरिकन संगीतकार मिच मिलर (१९११–२०१०) याची कारकीर्द या संदर्भात तपासण्याजोगी आहे.

मिलर मूळचा ओबोवादक. रॉचेस्टरच्या ईस्टमन संगीतविद्यालयातून तो १९३२ मध्ये पदवीधर झाला. सीबीएस या नभोवाणी कंपनीच्या वाद्यवृंदात त्याने अनेक वर्षे वादन केले; जॅझमधील श्रेष्ठ वादक चार्ली पार्कर याच्या १९४९ च्या तंतुवाद्यांसहित ध्वनिमुद्रणातही त्याचा ओबो ऐकू येतो. पाश्चात्त्य वाद्यवृंद वादनापूर्वी ओबोच्या स्वराशी आपली वाद्ये जुळवून घेतो. इतरांनी ज्याच्यावरून आपला सूर पारखावा, असे हे स्थान आहे.

प्रथम मर्क्युरी आणि १९५० पासून कोलंबिया या कंपनीत कोणत्या गायकाने कोणते गीत कशा साजात गावे, हे ठरवण्याचा अधिकार मिलरकडे आला. १९४९ च्या ‘म्यूल ट्रेन’मध्ये फ्रँकी लेनच्या आवाजाला चाबकाच्या फटकाऱ्यांची जोड मिळाली. १९५१ मध्ये रोझमेरी क्लूनीने ‘कम ऑन-अ माय हाउस’ हे गीत नाखुशीने गायिले आणि ते अफाट गाजले. त्याच्या दोन कर्त्यांपैकी एक कथाकार-नाटककार विल्यम सरोयान होता, ही बाब वाङ्मयाच्या अभ्यासकाने ध्यानात घ्यावी अशी आहे. त्याच वर्षी फ्रँक सिनात्राच्या ‘मामा विल बार्क’मध्ये कुत्र्याचे भुंकणे आले. १९५२ मध्ये सिनात्राने कोलंबिया सोडली आणि आपल्या घसरणीचा दोष पुढे मिलरला दिला. गायकावर बळजबरी करून गाणे मुद्रित करता येत नाही, हा मिलरचा प्रतिवाद. तो तर्कदृष्ट्या बिनतोड वाटतो. परंतु लोकप्रियता ओसरू लागलेल्या कलावंताची संमती कितपत स्वतंत्र असते, हा प्रश्न त्यामुळे मिटत नाही.

अॅडोर्नो आणि होर्कहायमर यांच्या ‘संस्कृती-उद्योग’ या संकल्पनेने या साऱ्याची उपपत्ती सहज लावता येईल. मात्र त्या उपपत्तीत मिलर यंत्राचा एक भाग बनतो, आणि यंत्राच्या भागाला नैतिक जबाबदारी नसते. प्रत्यक्षात तो निवड करीत होता, तीही तरबेज कानाने. शिवाय लोकप्रिय म्हणून ते हिणकस, असे समीकरणही येथे टिकत नाही. हँक विल्यम्सचे ‘कोल्ड, कोल्ड हार्ट’ हे ग्रामीण धाटणीचे गीत १९५१ मध्ये टोनी बेनेटकडून गाऊन घेऊन त्याने संगीताच्या दोन वर्गांमधील भिंत ओलांडली. तेव्हा दोष गीतप्रकारात शोधणे व्यर्थ आहे.

दोष शोधायचा तर तो मापांच्या दुहेरीपणात शोधावा लागेल. या व्यवसायात आपल्याला कलात्मक समाधान लाभत नाही, आपली संगीताची भूक आपण अन्यत्र भागवतो, अशा आशयाचे मिलरचे उद्गार नोंदलेले आहेत. स्वतःसाठी एक माप आणि श्रोत्यासाठी दुसरे, असा याचा अर्थ होतो. आपल्याला जे ऐकावेसे वाटत नाही ते इतरांना पुरेसे आहे, असे मानणे म्हणजे त्या इतरांच्या ग्रहणक्षमतेविषयी आधीच निकाल देणे होय. व्यापारी नफ्यापेक्षा हा निकाल अधिक गंभीर मानला पाहिजे. १९५८ मध्ये कॅन्सस सिटी येथे नभोवाणी-निवेदकांच्या मेळाव्यात मिलरने, तुम्ही कार्यक्रम अल्पवयीन मुलांच्या आवडीच्या हवाली केलेत, असा ठपका ठेवला. रॉक अँड रोलविषयीची त्याची नापसंती प्रामाणिक होती. पण चाबूक आणि भुंकणे विकणाऱ्याने अभिरुचीचा कैवार घ्यावा, यातील विसंगती लपत नाही.

येथेच निर्णय देऊन थांबावे, तर तिसरी भूमिका आड येते. १९६१ ते १९६४ या काळात एनबीसीवर ‘सिंग अलाँग विथ मिच’ हा कार्यक्रम चालला. पुरुषांचा वृंद जुनी, सर्वपरिचित गीते गाई. शब्द पडद्यावर उमटत. घरोघरच्या प्रेक्षकांनी सोबत गावे, अशी अपेक्षा असे. समीक्षकांना हा भाबडेपणा वाटला. लेस्ली अगम्स ही कृष्णवर्णीय गायिका कार्यक्रमात नियमित गात असे. दक्षिणेतील काही केंद्रांचा तिला विरोध होता, परंतु तिला वगळण्यास मिलरने नकार दिला.

या कार्यक्रमाचे संगीतमूल्य बेताचेच होते. तरीही येथे श्रोता केवळ ग्राहक राहिला नाही. गाणारा म्हणून त्याचा स्वीकार झाला, आणि कोणासोबत गायचे याची मर्यादाही सूत्रसंचालकाने बाजारावर सोडली नाही. जाणकाराचे ऋण बहुधा याच स्वरूपाचे असते. लोकांना वरच्या पायरीवरचे द्यावे की खालच्या, हा प्रश्न दुय्यम आहे. ज्या स्वराशी आपण स्वतः जुळलो, त्याच स्वराशी इतरही जुळू शकतील, हा विश्वास त्याने सोडू नये. कोलंबियाच्या कचेरीत मिलरने तो बराचसा सोडला होता. दूरचित्रवाणीच्या पडद्यावर, अपुऱ्या रूपात का होईना, तो परत आला. त्याच्या कारकिर्दीचा नैतिक हिशेब या दोन्ही नोंदी धरूनच करावा लागतो.