कुंडी सोडून दुसरं काही नको

‘त्रन्कानं चित्रं तरी काढायची, नाहीतर सिनेमे तरी करायचे. सगळीकडे हात घातला, म्हणून कशातच पुरता उतरला नाही.’ परवा एक चित्रकार मित्र असं म्हणाला आणि ते मला फार लागलं. अनेक गोष्टी येणाऱ्या माणसाकडे आपण संशयानंच बघतो. एक ना धड भाराभर चिंध्या, ही म्हण तर तयारच असते.

चेक कलावंत यिर्झी त्रन्काच्या कामांची यादी खरोखर लांब आहे. जन्म १९१२ चा, पिल्झेन शहरातला. शाळकरी वयातच बाहुलीकार योसेफ स्कुपाचा सहवास, पुढे प्रागमध्ये उपयोजित कलेचं शिक्षण, १९३६ मध्ये स्वतःचं लाकडी बाहुल्यांचं नाट्यगृह. शिवाय नेपथ्य, शिल्पं आणि मुलांची पुस्तकं. त्यातल्या चित्रांसाठी १९६८ मध्ये अँडरसन पुरस्कार. महायुद्ध संपल्यावर बाहुलीपट.

पण माध्यम बदलणं वेगळं आणि स्वतः बदलणं वेगळं. त्रन्काच्या बाहुल्यांचे चेहरे सहसा हलत नाहीत. ओठ मिटलेले, डोळ्यांतला भाव मुद्दाम अनिश्चित ठेवलेला. दिवा थोडा सरकला, कॅमेऱ्याचा कोन बदलला की तोच चेहरा खिन्न दिसतो, क्षणात लबाड दिसतो. हे चित्रकारालाच सुचू शकतं, कारण न हलणाऱ्या चेहऱ्यात जीव आणणं हे चित्रकाराचं रोजचं काम. शिवाय बाहुल्या हलवायला ब्रेतिस्लाव पोयारसारखे तयारीचे लोक होते. मग हातांची विभागणी झाली कुठे? मित्राचं म्हणणं इथे साफ कोसळतं.

तरीही मला थांबावं लागतं, ते १९६५ च्या ‘हात’ या चित्रपटामुळे. जेमतेम अठरा मिनिटांचा. एका खोलीत एक कारागीर आपल्या रोपट्यासाठी मातीची कुंडी घडवतो आहे. हातमोजा घातलेला एक प्रचंड हात आत शिरतो आणि सांगतो, कुंडी नको, हाताचा पुतळा कर. आमिषं येतात, धाक येतो, शेवटी सोन्याचा पिंजरा. कारागीर पुतळा घडवतोही, आणि उत्तम घडवतो.

तेच अस्वस्थ करतं. ज्याला सगळं येतं त्याच्याकडून कुणीही काहीही करून घेऊ शकतं. सरकारी स्टुडिओत आयुष्य घालवलेल्या त्रन्काला हे आपल्याहून चांगलं ठाऊक असणार. मी त्याच्या अष्टपैलूपणाची बाजू मांडायला निघालो होतो. आता तो गुण मला पुरेसा वाटत नाही. सहा वर्षांपूर्वीच शेक्सपियरची नवलनगरी भव्य पडद्यावर उभी करणाऱ्या या माणसानं इथे स्वतःची बहुतेक कौशल्यं बाजूला ठेवली. एक खोली, एक बाहुली, एक हात. आणि नायक असा निवडला की ज्याला कुंडी सोडून दुसरं काही करायचंच नाही.

१९६९ च्या अखेरीस त्रन्का गेला. त्यानंतर थोड्याच काळात बंदी आली ती याच चित्रपटावर.