न घडलेल्याचा पडसाद

गेल्या चातुर्मासात एका गावी कीर्तन आटोपून आम्ही देवळाच्या ओट्यावर बसलो असता, कॉलेजात शिकणाऱ्या एका मुलाने आम्हांस एक नवल सांगितले. त्याने वाचलेल्या कुठल्याशा कल्पित कथेत एक शास्त्र आहे. माणूस दोन वाटांपैकी एक धरतो, दुसरी सुटते. पण त्या सुटलेल्या वाटेवरचे आयुष्यही कोठेतरी चालूच असते म्हणे, आणि त्याचे पडसाद आपल्या जगात मागे राहतात. ते ऐकण्याची यंत्रेही त्या कथेतल्या पंडितांनी केली आहेत. "महाराज, असं खरंच असेल का हो?"

मंडळी हसली. आम्हांस हसू आले नाही. का, ते पुढे येईलच.

प्रथम मुलाच्या बाजूने बोलू, कारण पूर्वपक्ष नीट मांडल्याशिवाय त्यास उत्तर देणे हा शास्त्राचा अपमान आहे. सन १९५७ साली ह्यू एव्हरेट नावाच्या अमेरिकन पंडिताने प्रिन्स्टन येथे असे प्रतिपादिले की, सूक्ष्म कणाच्या बाबतीत जे जे घडू शकते ते सर्वच घडते. आपणास त्यातली एकच शाखा दिसते, इतकेच. हे मत सर्वांस मान्य नाही, वाद अजून चालू आहे. पण त्या मतातही एकदा फुटलेल्या शाखा एकमेकींस हाक मारीत नाहीत. तेव्हा पडसाद ही कथाकाराची पदरची भर समजावी.

आणि आपल्याकडे हे नवे आहे थोडेच! योगवासिष्ठात गाधी ब्राह्मणाची कथा आहे. पाण्यात बुडी मारली तेवढ्या अवधीत त्याने स्वतःचे मरण पाहिले, चांडाळाच्या घरी जन्म घेतला, बायकामुले झाली, ती दुष्काळात गेली, कीर देशाचे राज्य मिळाले, ओळख फुटली आणि शेवटी अग्निप्रवेश केला. डोके वर काढतो तो पाणी तेच, काठ तोच. येथवर स्वप्न म्हणून सोडून देता येते. परंतु पुढे एक पाहुणा येतो आणि कीर देशात एका चांडाळाने आठ वर्षे राज्य केल्याची हकीकत सांगतो. गाधी स्वतः जाऊन पाहतो, तो सगळ्या खाणाखुणा जागच्या जागी! न जगलेल्या आयुष्याचा पडसाद म्हणतात तो हाच की. तेथे भगवंत त्यास हा मायेचा खेळ आहे असे सांगून मोकळे करतात. पण आम्हां संसारी माणसांस तेवढ्याने सुटका होत नाही.

आता येथे कोणी म्हणेल की, सगळ्याच वाटा कोठे ना कोठे चालल्या जात असतील तर पापपुण्य उरले कोठे? इकडे शिवी दिली, तिकडे आलिंगन दिले, हिशेब फिटला! अहो, पण ज्याला शिवी लागली तो माणूस इकडेच बसला आहे ना? तिकडच्या आलिंगनाने त्याचे डोळे कोण पुसणार? कर्म ज्या कर्त्याने केले त्यालाच ते चिकटते, त्याच्या सावलीला नव्हे. ही शंका फार वेळ द्यावी अशी नाही.

खरी अडचण निराळी आहे. पाठशाळेत तर्कसंग्रह शिकताना गुरुजींनी आमच्याकडून अभावाचे चार प्रकार घोकून घेतले. घडा होण्याआधी मातीत घड्याचा अभाव असतो, तो प्रागभाव. घडा झाला की तो संपला. पण जो घडा कधी झालाच नाही, त्याचा प्रागभाव तरी कसा म्हणावा? प्रागभाव ओळखायचा तो पुढे झालेल्या वस्तूवरून. मग न घडलेले आयुष्य धड "अजून नाही" असेही नव्हे, धड "आता नाही" असेही नव्हे. आणि तरीही ते रात्री दोन वाजता उठवते! ध्वनी झाला नाही, तर दरीने परत काय पाठवावे?

सन २०१९ च्या वारीत आम्ही आमच्या दिंडीच्या विणेकऱ्यांस चारचौघांत बोललो, "बुवा, आता तुम्हांला विणा झेपत नाही." तीस वर्षांचा सोबती. त्यांनी विणा खांद्यावरून काढली, दुसऱ्याच्या गळ्यात घातली आणि मुकाट टाळकऱ्यांत जाऊन उभे राहिले. विणा देताना एकमेकांच्या पाया पडण्याची रीत. त्या दिवशी ते आमच्याकडे आले नाहीत, आम्हीही गेलो नाही. मनात म्हटले, पुढल्या वर्षी वाखरीला उराउरी भेटू, सगळे निवळेल.

पुढल्या वर्षी करोनाची साथ आली. पायी वारी झाली नाही. पादुका एस्टीने पंढरीस गेल्या. २०२१ सालीही बसनेच नेल्या. त्याच वर्षी बुवा गेले. २०२२ साली दिंडी पुन्हा चालू लागली तेव्हा दिवेघाट चढताना, जी वारी झालीच नाही तिचे टाळ आमच्या कानांत वाजत होते. त्या वारीत बुवा होते, वाखरीची भेट होती, सगळे होते.

बरेच दिवस आम्ही त्या न झालेल्या वारीलाच दोष देत राहिलो. साथ आली नसती तर! पण मुलाची गोष्ट ऐकली आणि विचार फिरला. पडसादाला मूळ ध्वनी लागतो, आणि ध्वनी २०२० सालचा नव्हताच. तो २०१९ सालचा, आमच्याच तोंडचा. झालेल्या गोष्टीचा पडसाद आम्ही न झालेल्या गोष्टीच्या नावावर खपवीत होतो. कारण न झालेल्याबद्दल शोक केला की कोणाची क्षमा मागावी लागत नाही. शोक आणि अनुताप यांत एवढे अंतर आहे. शोकाला "जर" लागते, अनुतापाला "मी" लागतो.

हे मुलाला सांगितले. तो जरा वेळ गप्प राहिला, मग म्हणाला, "पण महाराज, तुम्ही त्यांच्या घरी गेला होता का?"

गेलो नव्हतो. चार दिवसांनी गेलो. वहिनींनी घोंगडी टाकली. आम्ही झाले ते सांगितले, त्यांनी ऐकून घेतले. म्हणाल्या, "हात दुखायचाच त्यांचा. घरी येऊन म्हणाले, बुवा बोलले ते खरंच आहे, पण मला एकट्याला सांगायचं होतं." मग त्या आत चहा टाकायला गेल्या. खुंटीवर बुवांचे टाळ टांगलेले होते, पुसून लख्ख ठेवलेले.