पैसे दिले, हिशेब मिटला?



दोन आठवड्यांपूर्वी आपल्या युवा मंडळाची चार मुले-मुली एक कागद घेऊन माझ्याकडे आली. पावसाळ्यात जव्हारजवळच्या दाभोसा धबधब्यावर एक दिवसाची सहल न्यायची, तिचा खर्चाचा अंदाज त्यात होता. बस, नाश्ता, दुपारचे जेवण, प्रथमोपचाराची पेटी, सगळे नीट मांडलेले. शेवटच्या ओळीत लिहिले होते, 'किरकोळ: पाण्याच्या बाटल्या, वाटाड्या, वगैरे.' मी सही केली नाही. मुले हिरमुसली. "फादर, खर्च जास्त वाटतो का?" एकीने विचारले. मी म्हटले, "नाही ग, मला जरा विचार करू दे." खरे तर ती शेवटची ओळ वाचताना मला एक नावाडी आठवला होता, तोही दूर मेक्सिकोतला. मुलांना तेव्हा सांगायला सुचले नाही, म्हणून इथे लिहितो.

नोव्हेंबर २०२४ मध्ये मी मेक्सिकोला ग्वादालुपे मातेच्या यात्रेला गेलो होतो. आपल्या वसईच्या संत गोन्सालो गार्सियांबरोबर ५ फेब्रुवारी १५९७ रोजी नागासाकीला ज्यांनी क्रुसावर प्राण दिले, त्या सव्वीस जणांत मेक्सिको शहरात जन्मलेले संत फेलिपेही होते. १८६२ साली दोघांना एकाच दिवशी संतपद मिळाले. त्यामुळे ते शहर पाहायची इच्छा लहानपणापासूनची. यात्रा झाली आणि दोन दिवस हाती उरले. माझ्याबरोबर शिकलेला तिथला एक धर्मगुरू म्हणाला, "चल, तुला तामुल दाखवतो."

रात्रभर बसने प्रवास करून आम्ही सियुदाद व्हायेस या गावी पोहोचलो. हा सान लुईस पोतोसी राज्याचा पूर्वेकडचा भाग, त्याला वास्तेका म्हणतात. सकाळी एका स्थानिक सहल कंपनीच्या गाडीत बसलो. गाडीत दहा प्रवासी आणि एक तरुण गाइड. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना ऊसच ऊस. तिथे तोडणीआधी उसाचे पाचट पेटवून देतात, त्याचा काळा भुगा हवेत उडत होता. क्षणभर वाटले, आपण कोल्हापूर-सांगलीकडे तर आलो नाही ना!

तामुलच्या धबधब्यासमोर पाण्याच्या पातळीवर जायचे, तर नदीवाटेच जावे लागते. लांब लाकडी होड्या, मोटार नाही, प्रवाहाविरुद्ध वल्हवत जायचे. काठावर प्रत्येकाच्या हाती एक वल्हे दिले. म्हणजे पैसेही आपणच द्यायचे आणि होडीही आपणच हाकायची! मनातल्या मनात मी कुरकुरलो, हे कबूल करतो. मागे सुकाणूच्या जागी नावाडी बसला, पन्नाशीचा, तेनेक समाजाचा. तेनेक लोक तिथले मूळ रहिवासी आणि त्यांची भाषा माया भाषांच्या कुळातली. वसईचा असूनही मला पोहता येत नाही, हे माझ्या मित्राने त्याला हसत हसत सांगितले. तो हसला नाही. उठून आला, माझ्या लाइफ जॅकेटचे पट्टे सोडून पुन्हा घट्ट बांधले आणि मला काठाकडून उठवून मधल्या फळीवर बसवले.

दोन्ही बाजूंना चुनखडीचे उभे कडे. त्या चुन्यामुळेच पाण्याला मोरपिशी निळा रंग आलेला. पहिली दहा मिनिटे माझे वल्हे शेजाऱ्याच्या वल्ह्यावर आपटत होते. नंतर लय सापडली. मध्ये एका ठिकाणी प्रवाह इतका जोरात होता की आम्हाला खडकांवर उतरवले आणि नावाडी व गाइड कमरेएवढ्या पाण्यात शिरून दोराने होडी ओढू लागले. आम्ही काठाने चालत फोटो काढत होतो. निसरड्या खडकावर माझा पाय घसरला, तेव्हा एका हाताने दोर धरलेल्या त्या माणसाने दुसऱ्या हाताने माझे मनगट पकडले. "पाद्रे, इथे पाय ठेवा," एवढेच म्हणाला. पाद्रे! आपल्या आजीच्या तोंडचा पाद्री मला तिथे भेटला.

मग वळण संपले आणि तामुल दिसला. एकशे पाच मीटर उंचीवरून गायिनास नदी खाली सांता मारिया नदीत उडी घेते. दोघींचे पाणी एक होऊन जी नदी पुढे जाते, तिचे नाव ताम्पाओन. गायिनास म्हणजे कोंबड्या. कोंबड्यांच्या नदीने असे रूप घ्यावे, याची मला गंमत वाटली. होडी एका खडकाशी थांबली. त्यापुढे जाता येत नाही. तुषारांनी चष्मा भिजला, आवाजाने बोलणे बंद झाले. होडीतले दहाही जण गप्प होते. ती शांतता मी विसरणार नाही.

सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकताना कांट वाचला होता. १७९० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात त्याने भव्यतेचा विचार केला आहे. माणसाला भय आणि आनंद एकदमच देणाऱ्या दृश्यांची यादी तो देतो, त्यात प्रचंड नदीचा उंच धबधबाही आहे. आणि तो एक अट घालतो: पाहणारा सुरक्षित जागी असला पाहिजे. जीव धोक्यात असलेल्या माणसाला भव्यता दिसत नाही, त्याला फक्त पळावेसे वाटते. अट अगदी बरोबर आहे. पण आपल्या गावापासून फार दूर कधी न गेलेल्या कांटने ही 'सुरक्षित जागा' जणू आधीच तयार असल्यासारखी धरली. त्या खडकाशी होडीत बसून मला पहिल्यांदा प्रश्न पडला, माझी सुरक्षित जागा कुणी तयार केली? कुठला खडक पाण्याखाली आहे, वर पाऊस झाला की कोणत्या दिवशी होडी सोडायची नाही, हे ज्याच्या डोक्यात आहे त्याने. मला भव्यता दिसावी म्हणून एक माणूस कमरेएवढ्या पाण्यात उभा होता आणि मी त्याचाही फोटो काढला होता.

परतताना प्रवाह आपल्या बाजूने असतो, त्यामुळे वेळ लागला नाही. काठावर नावाड्याच्या घरच्यांचे छोटेसे खानावळीचे छप्पर आहे. तिथे जेवलो. नंतर मातीच्या पेल्यात कॉफी आली, दालचिनी घातलेली आणि गूळ घालून गोड केलेली. हो, गूळच! तिथे त्याला पिलोन्सियो म्हणतात. तेनेक कुटुंबे स्वतः चरक्यावर ऊस गाळून तो करतात. नावाडी शेजारी येऊन बसला आणि मित्राच्या मदतीने आमचे बोलणे झाले. त्याने सांगितले की २०२४ च्या उन्हाळ्यात हा धबधबा पार आटला होता. दुष्काळ होताच, शिवाय वरच्या अंगाला उसासाठी गायिनासचे पाणी पंपांनी उपसले जात होते. कडा कोरडा पडला आणि होड्या काठाला लागल्या.

मी तावातावाने म्हटले, "हा अन्याय आहे! तुम्हाला त्या लोकांचा राग येत नाही?" तो म्हणाला, "पाद्रे, वर माझा मेहुणा ऊस तोडतो. पाणी सोडले तर माझी चूल पेटते, अडवले तर त्याची." थोडा वेळ गप्प राहून त्याने मला विचारले, "पाणी नसते, तर तुम्ही आला असतात का?"

मी उत्तर दिले नाही. उत्तर 'नाही' असे होते आणि ते आम्हा दोघांनाही माहीत होते. सकाळी माझ्या मित्राने सहल कंपनीला फोन केला, तेव्हा त्याचाही पहिला प्रश्न तोच होता, पाणी आहे का?

सेनेका या रोमन विचारवंताने उपकारांवर एक मोठा ग्रंथ लिहिला आहे. त्यात तो विचारतो, वैद्याला आणि शिक्षकाला आपण फी देतो, मग त्यांचे ऋण का उरते? त्याचे म्हणणे असे की फी ही त्यांच्या श्रमांची असते. जीव वाचला किंवा ज्ञान मिळाले, त्याची किंमत कुणी ठरवू शकत नाही. पण तो भाबडा नाही. वैद्याने मला इतर शंभर रोग्यांसारखेच तपासले, तर फी दिली की संपले. त्याने माझी काळजी वाहिली, तर मात्र मी त्याचा ऋणी राहतो. संत थॉमस अक्विनास यांनीही कायद्याचे देणे आणि कृतज्ञतेचे देणे वेगळे केले आहे. पहिले चुकवले नाही तर कोर्टात जाता येते, दुसऱ्यासाठी कोर्ट नाही.

आता कुणी म्हणेल, "फादर, नावाडी काही धर्मादाय करत नव्हता. रोज दहा-वीस लोकांना नेतो, त्याचे पैसे घेतो." खरे आहे. होडी हाकण्याचे पैसे झालेच. पण पट्टे पुन्हा बांधण्याचे? दोर सैल न सोडता मनगट पकडण्याचे? ते दरपत्रकात नव्हते. निघताना मी त्याला बक्षिसी दिली, आणि ती द्यावीच, हात आखडू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. मात्र देताना माझ्या मनाचा एक कोपरा म्हणत होता, चला, सुटलो! तेच मला नंतर टोचत राहिले. ऋण फेडण्यासाठी दिलेला पैसा आणि माणसापासून सुटण्यासाठी दिलेला पैसा, नोट एकच असते.

आणि पाण्याचे काय? मेक्सिकोच्या १९१७ च्या राज्यघटनेच्या सत्ताविसाव्या कलमाप्रमाणे नद्यांचे पाणी मूलतः राष्ट्राचे. म्हणजे ते शेतकऱ्याचेही आणि नावाड्याचेही. मी बघ्या आहे. ऊसवाल्यांना दोष देणे मला सोपे होते, कारण माझ्या हातातल्या कॉफीचा गूळ कुठल्या पाण्यावर वाढला, हे मी विचारले नव्हते. आपली वसईही यातून सुटलेली नाही. टँकर आपल्या विहिरी उपसून नेऊ लागले, तेव्हा आपले लोक रस्त्यावर उतरले होते, आणि ते योग्यच होते. आज मात्र सूर्या धरणाचे पाणी आपल्या वसई-विरारच्या नळांना येते आणि त्या खोऱ्यातले आदिवासी शेतकरी आपल्या शेतीच्या पाण्यासाठी आंदोलन करतात. तेव्हा आपण खालच्या अंगाला होतो. आता आपण पंपाच्या बाजूला आहोत. नळ सोडताना मला हे रोज आठवते असे नाही. कधीकधी आठवते.

त्या नावाड्याच्या प्रश्नाचे उत्तर मला अजून नीट देता येत नाही. पाणी नसताना जाऊन मी काय केले असते? कोरडा कडा पाहून त्याच्या खानावळीत कॉफी प्यायलो असतो? हे मला खोटेच वाटले असते. तरी त्याने 'आलात का' असे न विचारता 'आला असतात का' असे विचारले, म्हणजे त्याला धबधब्याच्या पलीकडचे काहीतरी विचारायचे होते, एवढे मला कळते.

युवा मंडळाचा तो कागद अजून माझ्या टेबलावर आहे. वाटाड्याला 'किरकोळ'मधून बाहेर काढून त्याची स्वतंत्र ओळ करा. तो कुठल्या पाड्यावरचा, त्याचे नाव काय, उन्हाळ्यात धबधबा आटला की तो काय करतो, हे आधी फोन करून विचारून या. पुढच्या रविवारी दुसऱ्या मिस्सानंतर मी ऑफिसातच आहे. पेन घेऊन बसतो.