बांधणं हा पहिला अतिचार

जैन श्रावकाच्या अहिंसाव्रताचे पाच अतिचार, म्हणजे व्रताला लागणारे दोष, सांगितले आहेत: बांधणं, मारणं, अवयव छेदणं, पेलणार नाही एवढं ओझं लादणं आणि अन्नपाणी तोडणं. बोदवडच्या आमच्या जैन स्थानकात प्रतिक्रमण, म्हणजे झालेल्या दोषांची उजळणी, करताना माझं मन पहिल्यावरच अडतं. मारणाऱ्याला आपण मारतोय हे निदान कळतं. बांधणारा पुष्कळदा मायेनं बांधत असतो. आमच्या मोती कुत्र्याच्या पुढच्या पायाचं अंगठ्याचं नख वाढून कातडीत वळू लागलं की ते कापावंच लागतं. दोघांनी दाबून धरलं आणि तिसऱ्यानं कापलं, की काम झालं. याला सेवा म्हणावं की हिंसा?

जाणकार सांगतात, हिंसा भावावर ठरते. रागानं बांधणं वेगळं, रक्षणासाठी बांधणं वेगळं. मला हे पटतं, पण तेवढ्यानं समाधान होत नाही. भाव माझा असतो आणि थरथर मोतीची. शिवाय हिंसेचं मूळ प्रमादात, म्हणजे बेसावधपणात आहे, असंही शास्त्र सांगतं. कुत्रा ओठ चाटतो, तोंड फिरवतो, शेपूट पोटाशी घेतो. तो नाही म्हणतोय. ते न पाहणं हाच प्रमाद.

जनावराचं ‘नाही’ मानून शिकवण्याची एक रीत आहे. १९६०च्या दशकात हवाईच्या सी लाइफ पार्कमध्ये प्रशिक्षक कॅरन प्रायर डॉल्फिनना शिकवत. पाण्यातल्या डॉल्फिनला दावं लावता येत नाही, हात उगारून उपयोग नाही. तो सरळ पोहत निघून जातो. म्हणून हवं ते घडलं, की त्याच क्षणी शिट्टी आणि लगेच मासा. हीच रीत पुढे कुत्र्यांपर्यंत आली. आमच्या ओसरीवर शिट्टी नाही, ‘हां’ एवढा शब्द आहे. गोणपाट अंथरायचं, पाटावर घडी केलेली चादर ठेवायची. मोतीनं हनुवटी चादरीवर टेकली की पंजाला हात लावायचा, ‘हां’ म्हणायचं, भाकरीचा तुकडा द्यायचा. हनुवटी उचलली की हात मागे. मग नेलकटर नुसतं दाखवायचं, नखाला टेकवायचं, आणि पुढे कधीतरी एकच नख, तेही टोकाचं. काळ्या नखात आतली रक्तवाहिनी दिसत नाही, म्हणून थोडं थोडंच कापायचं. सुईसाठीही असंच: आधी सुई नसलेली सिरिंज मांडीवर दाबायची. कानातले गोचीड काढतानाही हनुवटी चादरीवर हवी.

यावर घरात आक्षेप आला, की ही तर तुकड्याची लालूच. आक्षेप खरा ठरतो तो जनावराला उपाशी ठेवून शिकवलं तर. तिथे पाचवा अतिचार लागतो. पोट भरलेल्या, उघड्या दारापाशी बसलेल्या कुत्र्यानं तरीही हनुवटी टेकवली, तर त्या टेकवण्याला मी संमती मानते.

अशी संमती मला एका जुन्या कथेतही दिसते. आमच्या खानदेशात महानुभाव पंथाची परंपराही मोठी. त्या पंथाच्या लीळाचरित्र या ग्रंथात शिकाऱ्यांच्या कुत्र्यांपुढे धावणारा ससा पंथप्रवर्तक चक्रधरस्वामींच्या गुडघ्याखाली येऊन लपतो. ती कथा अभय देण्याची म्हणून सांगतात. मला तिच्यात आणखी एक गोष्ट महत्त्वाची वाटते: स्वामींनी सशाला पकडलं नाही. तो आपणहून आला, आणि संकट टळल्यावर त्याला जाऊ दिलं.

प्रत्येक वेळी वाट पाहता येत नाही, हेही खरं. २०२२मध्ये गुरांच्या लम्पी त्वचारोगाची साथ आली, तिचा महाराष्ट्रातला पहिला रुग्ण ऑगस्टमध्ये आमच्याच जिल्ह्यात, रावेर तालुक्यातल्या चिनावलला सापडला. मग गावोगाव गुरांना बांधून शेळ्यांच्या देवीची लस टोचली गेली. तेव्हा एकेका गाईची मर्जी विचारत बसलो असतो तर साथ थांबली नसती. ते बांधणं आवश्यक होतं. तरी त्याला मी अहिंसा म्हणणार नाही. आवश्यक असूनही तो अतिचारच, आणि त्याची आलोचना, म्हणजे दोषाची कबुली, करायला हवी. आलोचना म्हणजे नुसतं ‘मिच्छामि दुक्कडं’ म्हणत क्षमा मागून उठणं नव्हे. पुढच्या वेळी कमी बांधावं लागेल अशी तयारी आधीपासून करणं.

म्हणून आमच्या कालवडीला सुई नसतानाही गुरांच्या दवाखान्यातल्या, जनावर अडकवून ठेवायच्या खोड्यापर्यंत नेतो. तिथे सरकीची ढेप खाते, मानेवरून हात फिरवून घेते. पुढचा-मागचा दांडा आम्ही लावत नाही.