सत्याचा सूड

सत्य सांगणे हे नेहमीच नैतिक कृत्य असते काय? ईडिथ व्हॉर्टन या अमेरिकन लेखिकेची ‘रोमन फीव्हर’ (१९३४) ही कथा हा प्रश्न कोणत्याही तात्त्विक परिभाषेवाचून उभा करते. अलिडा स्लेड आणि ग्रेस ॲन्सली या न्यूयॉर्कच्या दोन विधवा, जुन्या मैत्रिणी. उतारवयाच्या उंबरठ्यावर त्या रोममधील एका उपाहारगृहाच्या गच्चीवर प्राचीन भग्नावशेष पाहत बसल्या आहेत. एकीच्या हाती विणकाम आहे, दुसरीच्या मनात मत्सर.

२५ वर्षांपूर्वी अलिडाने आपल्या नियोजित वराच्या नावाने खोटे पत्र लिहून ग्रेसला रात्री कलोसियमपाशी बोलावले होते. गारठ्याने ती आजारी पडावी आणि वाटेतून दूर व्हावी, हा हेतू. आता अलिडा ते कबूल करते. परंतु या कबुलीत पश्चात्तापापेक्षा ग्रेसने जपलेली एकमेव आठवण हिरावून घेण्याची इच्छाच प्रबळ आहे. मग ग्रेसचे उत्तर येते: तिने पत्राला उत्तर धाडले होते, तो आला होता, आणि तिची मुलगी बार्बरा त्याचीच, हे अखेरच्या वाक्यात सूचित होते.

वाचक येथे सुखावतो. कपटाला शासन झाले असे त्याला वाटते. हे सुखावणेच तपासून पाहावयास हवे. ग्रेसचे दीर्घ मौन ही करुणा होती, की योग्य क्षणासाठी राखून ठेवलेली ठेव? निवेदन बहुतांशी अलिडाच्या जाणिवेतून होत असल्याने संहिता याचा निर्णय देत नाही. मात्र एकदा उच्चार झाल्यावर मागचे सारे मौन शस्त्रासारखे भासू लागते. असा घाव परक्याला घालता येत नाही. दुखरी जागा मैत्रिणीलाच ठाऊक असते.

तरीही खरा नैतिक पेच या दोघींपलीकडचा आहे. जेनी आणि बार्बरा या दोघींच्या मुली त्या गच्चीवर नाहीत. आपला पिता कोण, हे जाणण्याचा पहिला अधिकार बार्बराचा. ते सत्य तिला न सांगता प्रतिस्पर्धी मैत्रिणीला निरुत्तर करण्यासाठी खर्ची पडते. दोन्ही स्त्रिया खरेच बोलतात, परंतु ज्याचे सत्य त्याच्यापर्यंत ते पोहोचत नाही. सूडाचे सत्य आणि न्यायाचे सत्य यांतील अंतर नेमके येथे आहे.